मंथरेचा डोळा

दूरदर्शनवर दर रविवारी सकाळी ‘रामायण’ लागायचं तेव्हा आपण प्राथमिक शाळेत होतो. सोमवारी मधल्या सुट्टीत कुबड काढून, एक डोळा बारीक करून मंथरेची नक्कल करणं हा आपला आवडता उद्योग. तो डोळा अभिनयाचा भाग नव्हता, ती जुनी इजा होती, हे मला फार उशिरा कळलं.

ललिता पवार मूळच्या येवल्याच्या. जन्म १९१६, माहेरचं नाव अंबिका सगुण. मूकपटांच्या काळात लहान वयातच त्या पडद्यावर आल्या आणि पुढे नायिका झाल्या. ‘दुनिया क्या है’ या चित्रपटाची त्यांनी निर्मितीही केली. भालजी पेंढारकरांच्या ‘नेताजी पालकर’मध्येही (१९३९) त्या होत्या.

१९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात भगवानदादांनी मारायची थप्पड चुकून जोरात बसली. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, डावा डोळा दुखावला. तीन वर्षं उपचार चालले, तरी डोळा कायमचा बारीक राहिला. वय अवघं सव्वीस, आणि नायिकेची कामं संपली.

त्यांनी चरित्र भूमिका घ्यायला सुरुवात केली. ‘दहेज’मधली (१९५०) सासू इतकी ठसली, की खाष्ट सासू म्हटलं की त्याच आठवू लागल्या. पण १९५५ या एकाच वर्षी त्या ‘श्री ४२०’मध्ये मायाळू केळेवाली झाल्या आणि ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये पुरुषांचा तिटकारा असलेली श्रीमंत आत्या. ‘अनाडी’तली (१९५९) मिसेस डिसा वरून खेकसते आणि आतून राज कपूरला पोटच्या पोरासारखं जपते. प्रत्यक्षात त्या त्याच्याहून आठच वर्षांनी मोठ्या होत्या! या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षीच्या ‘संपूर्ण रामायण’मध्येही त्या मंथरा होत्या. आपण पाहिली ती मंथरा त्यांनी सत्तरी गाठल्यावर केली. १९९८ मध्ये पुण्यात त्यांचं निधन झालं.

थप्पडेपूर्वीची कारकीर्द साधारण चौदा वर्षांची, नंतरची चाळीसहून अधिक. मिसेस डिसा साकारताना त्या त्रेचाळीस वर्षांच्या होत्या, म्हणजे साधारण आपल्याच आजच्या वयाच्या. संमेलनाच्या फोनाफोनीत ‘आता काय राहिलंय आपलं!’ हे वाक्य मी बऱ्याच जणींकडून ऐकलं, एकदोनदा स्वतःही म्हटलं. त्या सगळ्यांना, आणि स्वतःलाही, हा लेख. एकदा ‘अनाडी’ पुन्हा बघा. या वेळी नक्कल करायला नको.