दोन पट्ट्यांमधला सूर

पेटीवाचून मराठी माणसाचे गाणे हलत नाही. नाटकाचे पद असो, कीर्तन असो, गणपतीपुढची आरती असो, भाता हलल्याशिवाय गळा मोकळा होत नाही. बुधवार पेठेत आमच्या वाड्यात दर एकादशीला भजन असते. तांबड्या जोगेश्वरीकडून येणारी मंडळी टाळ-पखवाज आणतात आणि पेटीवर मी बसतो. म्हणूनच १९४० च्या मार्चपासून ऑल इंडिया रेडिओने पेटीवर बंदी घातली होती आणि ती १९७१ पासून पुढे हळूहळू सैल झाली, ही गोष्ट प्रथम वाचनात आली तेव्हा मी चकित झालो. तीस वर्षांहून अधिक काळ नभोवाणीवरच्या गवयामागे पेटी नव्हती! या बंदीची पार्श्वभूमी शोधताना एका इंग्रज संगीतकाराचे नाव पुढे आले : जॉन फोल्ड्स. त्याने १९३८ साली रेडिओच्या इंग्रजी नियतकालिकात पेटीवर कडक टीका केली होती. हा कोण उपटसुंभ, या कुतूहलाने मी त्याचे चरित्र पाहू लागलो.

जॉन हर्बर्ट फोल्ड्सचा जन्म २ नोव्हेंबर १८८० रोजी इंग्लंडातील मँचेस्टर शहरी झाला. आपले गोविंदराव टेंबे १८८१ चे. म्हणजे पेटीला मैफलीत मानाचे पान मिळवून देणारा आणि पेटीला नाके मुरडणारा, दोघे जवळजवळ एकाच वयाचे. फोल्ड्सचे वडील मँचेस्टरच्या प्रसिद्ध हॅले वाद्यवृंदात बसून नावाचे फुंकवाद्य वाजवीत. घरात संगीत होते, पैसा नव्हता. पोराने चौथ्या वर्षी पियानो धरला, पुढे चेलो शिकला आणि मिसरूड फुटण्याआधीच पोटासाठी वाद्यवृंदात वाजवू लागला. चेलो हे व्हायोलिनच्याच घराण्यातले, पण आकाराने मोठे, खर्जातले वाद्य; ते जमिनीवर टेकवून, गुडघ्यांमध्ये धरून वाजवतात. १९०० साली तो हॅले वाद्यवृंदात दाखल झाला. हान्स रिश्टरसारख्या थोर संचालकाच्या हाताखाली त्याला वाव मिळाला.

चेलोचा उल्लेख मुद्दाम केला, कारण फोल्ड्सच्या मनोवृत्तीचे मूळ मला तिथे दिसते. पियानोला आणि पेटीला पट्ट्या असतात. सा पासून वरच्या सा पर्यंत बाराच घरे. तेराव्या सुराला तिथे जागा नाही. चेलोला, व्हायोलिनला पडदे नसतात. बोट तारेवर जिथे पडेल तिथे सूर. एकदा हे बोट किंचित घसरले की दोन पट्ट्यांच्या मधला प्रदेश ऐकू येतो. फोल्ड्सने ऐन अठराव्या वर्षी, १८९८ साली, एका तंतुवाद्य-चौकडीत असे पाव-सूर वापरले, असे त्याने पुढे स्वतःच नोंदवले आहे. पाव-सूर म्हणजे शेजारच्या दोन पट्ट्यांच्या बरोबर मधला सूर. युरोपात त्या काळी असा विचारही फारसा कुणी करीत नव्हता.

ही चौकडी म्हणजे काय, ते येथे सांगायला हवे. दोन व्हायोलिन, एक व्हायोला आणि एक चेलो असे चार वादक. गायक नाही, तालवाद्य नाही, संचालकही नाही. चौघांनी एकमेकांकडे पाहत, एकमेकांचे ऐकत वाजवायचे. पाश्चात्त्य संगीतात रचनाकाराची खरी कसोटी इथे लागते असे मानतात, कारण मोठ्या वाद्यवृंदाच्या गदारोळात झाकता येणारे दोष इथे उघडे पडतात. आपल्याकडे भरल्या नाट्यगृहातले पद निराळे आणि तंबोऱ्यावरची घरगुती बैठक निराळी, तसेच हे.

फोल्ड्सच्या आयुष्याला वळण लागले ते १९१५ साली. मॉड मॅकार्थी ही आयरिश व्हायोलिनवादक त्याला भेटली आणि पुढे त्याची सहचारिणी झाली. ॲनी बेझंटबाईंच्या सोबतीने १९०७ ते १९०९ या काळात ती हिंदुस्थानात राहून गेली होती. इथले गाणे तिने नुसते ऐकले नव्हते. ती ते शिकली होती आणि लंडनच्या विद्वानांसमोर त्यावर व्याख्याने देत होती. ज्या मधल्या सुरांमागे फोल्ड्स एकटा लागला होता, त्यांच्यावर एका देशाचे संगीत शतकानुशतके उभे आहे, हे त्याला तिच्यामुळे उमगले.

याच सुमारास आपल्या महाराष्ट्रातही श्रुतींचा प्रश्न ऐरणीवर होता. सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल यांनी बावीस श्रुतींवरचे आपले इंग्रजी पुस्तक १९१० साली पुण्यात प्रसिद्ध केले. क्लेमंट्स नावाचे इंग्रज न्यायाधीश त्यांना येऊन मिळाले आणि अब्दुल करीम खाँसाहेबांच्या गळ्याची साक्ष काढून श्रुतींची पेटीसुद्धा तयार करण्यात आली. म्हणजे पेटीत काही तरी उणे आहे, ही तक्रार काही फोल्ड्सने इंग्लंडहून आणलेली नव्हे. ती आपल्याच घरात जन्मलेली होती.

पहिल्या महायुद्धात मेलेल्या सर्व देशांच्या माणसांसाठी फोल्ड्सने एक प्रचंड प्रार्थनासंगीत रचले. ११ नोव्हेंबर १९२३ रोजी लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये सुमारे साडेबाराशे गायक-वादकांनी ते सादर केले. १९२६ पर्यंत ते दरवर्षी झाले आणि मग बंद पडले. पुढच्या वर्षी फोल्ड्स पॅरिसला गेला. तिथे मूकपटांच्या पडद्यासमोर बसून पियानो वाजवीत त्याने दिवस काढले. लोकांना त्याची हलकीफुलकी गाणीच हवी होती. मात्र त्याच दिवसांत दक्षिणेकडील ७२ मेळांचा अभ्यास करून त्याने पियानोसाठी काही रचना केल्या. एक मेळ घ्यायचा आणि त्याबाहेरचा एकही सूर लागू द्यायचा नाही, हे त्यातले पथ्य. रागात वर्ज्य स्वर सांभाळणाऱ्या आपल्या विद्यार्थ्याला हे पथ्य नवे नाही. युरोपियनाला ते विलक्षणच.

लंडनला परतल्यावर १९३२ च्या सुमारास त्याने ‘क्वार्तेत्तो इंतिमो’ ही चौकडी पुरी केली. नावाचा अर्थ अंतरंगीची, जिवलगांपुरती चौकडी. तिचे पाच भाग आहेत. मी ती मोबाइलवर, रात्री पेठेची वर्दळ ओसरल्यावर ऐकली. एका भागात कमालीचा संथ, स्वतःशी चाललेला विचार आहे, एका भागात टवाळी आहे, एका भागात चौघांचा संवाद आहे आणि शेवट उघड आनंदाचा आहे. पहिल्या ऐकण्यात मला ती सगळी कळली असे म्हणणार नाही. पण तो संथ भाग ऐकताना आलापीत गवई एका सुराभोवती रेंगाळतो त्याची आठवण झाली. हयातीत या रचनेला जाहीर मैफल लाभली नाही. ती लाभली १९८० साली, एंडेलियन नावाच्या चौकडीकडून. तोवर रचनाकाराला जाऊन एकेचाळीस वर्षे झाली होती.

१९३५ साली फोल्ड्स कुटुंबासह हिंदुस्थानात आला. पंजाबात फिरून त्याने लोकसंगीत गोळा केले. १९३७ साली दिल्लीच्या रेडिओ केंद्रावर पाश्चात्त्य संगीताचा प्रमुख म्हणून त्याची नेमणूक झाली. तिथे त्याने देशी वाद्यांचा वृंद उभा केला, वादकांना लिहिलेले संगीत वाचून वाजवायला शिकवले आणि १९३८ साली तो वृंद श्रोत्यांना ऐकवला. पेटीवरची टीका याच वर्षातली. त्याचे म्हणणे चुकीचे नव्हते. पेटीतून मींड निघत नाही. तिचा गंधार तंबोऱ्यातून आपोआप उमटणाऱ्या गंधारापेक्षा किंचित चढा असतो. लहानपणापासून पेटीबरोबर गाणाऱ्याचा कान त्या चढ्या गंधाराला सरावतो. बंदी आली ती मात्र त्याच्या मृत्यूनंतर, नभोवाणीचे प्रमुख लायोनेल फील्डन यांच्या कारकिर्दीत. आणि स्वतः रवींद्रनाथ ठाकूरही पेटीच्या विरोधात होते.

१९३९ च्या एप्रिलमध्ये फोल्ड्सची बदली कलकत्त्याला झाली. तिथे पोहोचून आठवडाही उलटला नाही तोच त्याला पटकी झाली आणि २५ एप्रिलच्या सुमारास त्याचा अंत झाला. वय अवघे ५८. हिंदुस्थानात लिहिलेल्या त्याच्या कागदांपैकी पुष्कळसे नाहीसे झाले. इथे हाती घेतलेल्या आणखी एका चौकडीचा एकच संथ भाग आज उरला आहे. मॉड पुढे संन्यासिनी होऊन स्वामी ओमानंद पुरी झाली आणि १९६७ साली वारली.

फोल्ड्सचे चरित्र वाचून मी पेटी बाजूला ठेवलेली नाही. वाड्यातल्या वीस गळ्यांना एका सुरात बांधायचे तर पेटीच हवी. चौघा निष्णात वादकांना जे साधते ते एकादशीच्या भजनाला साधत नाही. माणसांचा मेळ बसवण्यासाठी सुराची थोडी तडजोड करावी लागते आणि ती तडजोड मला मान्य आहे. फक्त ती तडजोड आहे हे विसरता कामा नये, हे मी या माणसाकडून शिकलो. आता भजनाआधी मी थोडा वेळ नुसता तंबोरा लावून बसतो. तो खरा गंधार एकदा कानी पडला की मग भात्याला हात घालतो.

युरोपाने फोल्ड्सला हलक्या गाण्यांचा रचनाकार म्हणून विसरावे आणि आपण पेटीचा वैरी म्हणून तेवढेच ओळखावे, हे बरे नव्हे. दोन पट्ट्यांच्या मधे राहिलेल्या सुरासारखीच त्याची गत झाली. आपल्या महाविद्यालयात संगीताची गोडी असलेले विद्यार्थी पुष्कळ आहेत. त्यांनी एखाद्या निवांत रात्री ती चौकडी जरूर ऐकावी.