तारामतीचे काम करणारे अण्णा साळुंके

खोपोलीहून मुंबईकडे जाणाऱ्या आमच्या वाचकांस वांगणी स्टेशन अपरिचित नाही. कर्जत, नेरळ व शेलू मागे पडले की ते लागते. 1912 साली या गावी भाले-तलवारी घेतलेली एक मंडळी येऊन उतरली. ग्रामस्थांनी त्यांस दरोडेखोर समजून पाटील-फौजदारांच्या स्वाधीन केले. मालक दादासाहेब फाळके मागाहून आले व त्यांनी कॅमेरा चालवून दाखविला, तेव्हा कोठे त्या बिचाऱ्यांची सुटका झाली. ही ‘राजा हरिश्चंद्र’ची मंडळी होय; आणि ज्यांच्याविषयी आम्ही येथे लिहीत आहो, ते अण्णा हरी साळुंके त्या चित्रपटातील राणी तारामती.

1910-11 च्या सुमारास मुंबईत पडद्यावर प्रभू ख्रिस्ताचे चरित्र पाहत असता, आपले राम-कृष्णही असेच दिसावेत, असा ध्यास फाळक्यांनी घेतला, हे आपणां ख्रिस्ती जनांस विशेष स्मरणीय वाटेल. परंतु तारामती कोठून आणावी? जाहिराती दिल्या, कलावंतिणींच्या वस्तीतही विचारणा केली. अब्रूच्या भयाने तेथूनही नकार आला. अखेर ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणाऱ्या सडपातळ, नाजूक हातांच्या तरुणावर त्यांची दृष्टी गेली. दहा रुपये पगार होता. फाळक्यांनी पंधरा देऊ केले.

पाच रुपयांसाठी पुरुषाने लुगडे नेसले, असे म्हणून हसणे सोपे आहे. आम्हांस मात्र त्यात धैर्य दिसते. ज्या कामास तेव्हा एकही स्त्री धजेना, ते या आचाऱ्याने केले. आणि 3 मे 1913 रोजी गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये चित्रपट लागला, तेव्हा लोकांनी त्याच्यात राणीच पाहिली. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई पडद्यावर आल्या, तरी अण्णांची गरज संपली नाही. 1917 च्या ‘लंका दहन’मध्ये तर राम तेच व सीताही तेच! राम पडद्यावर येताच प्रेक्षक पायांतील वहाणा काढीत, असे सांगतात. तीच मूर्ती काही वेळाने सीता होऊन शोक करी, आणि तिच्याबरोबर प्रेक्षकही रडत.

एवढी कीर्ती मिळाल्यावर मनुष्य पडद्याचा मोह सहसा सोडीत नाही. अण्णांनी कॅमेऱ्याचे काम शिकून घेतले. तो कॅमेरा हाताने फिरवावा लागे. मूठ थोडी जलद वा मंद फिरली तरी पडद्यावरील माणसांची चाल बिघडे. ‘सत्यनारायण’ (1922) व ‘बुद्धदेव’ (1923) यांत त्यांनी भूमिका केल्या व चित्रीकरणही केले. पुढे तोंडाला रंग लागला नाही. दुसऱ्यांच्या मुखांवरील उजेड पारखीत त्यांनी 1931 पर्यंत काम केले. ज्यांना ते टिपीत, त्या नायिका आता स्त्रियाच असत.