राणी बांकाबाई

वर्धा नदी मुलताईजवळ सातपुड्याच्या डोंगरात उगम पावते आणि वर्धा जिल्ह्याच्या पश्चिम सीमेवरून दक्षिणेकडे वाहत जाते. आज पुलगावजवळ ही नदी ओलांडताना आपण परमुलखात शिरलो, असे कोणाच्या मनातही येत नाही. परंतु १८०३ सालानंतर जवळजवळ अर्धशतक हीच नदी दोन राज्यांची सरहद्द होती. तिच्या पूर्वेस नागपूरकर भोसल्यांचे राज्य होते, तर पश्चिमेस हैदराबादच्या निजामाचे वऱ्हाड. ही सरहद्द पडली, तेव्हा बांकाबाई वीस वर्षांच्या आसपास होत्या. पुढे ते सारे राज्यच बुडताना त्यांना पाहावे लागले.

भोसल्यांच्या आधी या प्रदेशावर देवगडच्या गोंड राजांची सत्ता होती. नागपूर शहराचा पाया गोंड राजा बख्त बुलंद शहा याने घातला. त्याच्या वंशात गादीसाठी भाऊबंदकी माजली, तेव्हा पहिले रघूजी भोसले मदतीला धावून आले आणि हळूहळू स्वतःच सत्ताधीश झाले. गोंड राजाचा मान त्यांनी राखला, त्याला नेमणूक बांधून दिली. मात्र कारभार आपल्या हाती घेतला. १७५१ साली ओरिसा प्रांतही भोसल्यांच्या अमलाखाली आला आणि राज्याची हद्द पूर्व समुद्राला जाऊन भिडली.

बांकाबाई या दुसऱ्या रघूजींच्या राणी. नागपूरच्या महाल भागात भोसल्यांचा भव्य वाडा होता. काळ्या पाषाणाच्या त्या वाड्याचे लाकडी कोरीव काम प्रेक्षणीय होते. हत्ती, घोडे, जवाहीर, मानकरी, कारकून यांनी तो गजबजलेला असे. पण राज्याचे बळ ओसरू लागले होते. १८०३ साली शिंदे आणि भोसले यांनी इंग्रजांशी युद्ध केले. असई, अडगाव व गाविलगड येथे मराठ्यांचा पराभव झाला. त्याच वर्षी डिसेंबरात देवगावचा तह झाला आणि रघूजींना पूर्वेकडील कटक व वर्धा नदीच्या पश्चिमेचा मुलूख सोडून द्यावा लागला. पुढे पेंढाऱ्यांच्या टोळ्यांनी उच्छाद मांडला. त्यांच्या भीतीने वर्ध्याच्या खोऱ्यातील गावकऱ्यांनी मातीच्या गढ्या बांधल्या. पेंढारी आले की माणसे गुरेढोरे घेऊन गढीत शिरत. कित्येक गावांत या गढ्यांचे अवशेष पुढे दीर्घकाळ उभे होते.

इतके होऊनही एका बाबतीत रघूजी ठाम राहिले. इंग्रज आपली तैनाती फौज घेण्याचा आग्रह करीत. तैनाती फौज म्हणजे इंग्रजांची फौज आपल्या राज्यात ठेवायची, तिचा खर्च आपण सोसायचा आणि परराज्यांशी स्वतंत्रपणे बोलण्याचा अधिकार सोडून द्यायचा. रघूजींनी अखेरपर्यंत हे मान्य केले नाही. १८१६ च्या मार्च महिन्यात ते वारले आणि बांकाबाईंच्या कसोटीचा काळ सुरू झाला.

रघूजींचे पुत्र परसोजी हे आंधळे व दुबळे होते. त्यांच्या नावाने कारभार कोणी पाहावा, यावरून वाड्यात दोन पक्ष पडले. एका पक्षात बांकाबाई व धर्माजी भोसले होते. दुसरा पक्ष रघूजींचे पुतणे आप्पासाहेब यांचा. आप्पासाहेबांनी बाजी मारली. धर्माजी कैद झाले व पुढे मारले गेले. आपली बाजू भक्कम करण्यासाठी आप्पासाहेबांनी मे महिन्यातच इंग्रजांशी तह करून तैनाती फौज स्वीकारली. जी गोष्ट रघूजींनी आयुष्यभर टाळली, ती त्यांच्या पश्चात दोन महिने पूर्ण होतात न होतात तोच घडली. १८१७ च्या आरंभी परसोजींचा अंथरुणातच खून झाला आणि आप्पासाहेब गादीवर आले.

गादी मिळाल्यावर आप्पासाहेबांना त्या तहाचा काच जाणवू लागला. पेशव्यांनी पुण्यात इंग्रजांविरुद्ध शस्त्र उचलताच त्यांनीही तेच केले. १८१७ च्या नोव्हेंबरात २६ व २७ तारखांना सीताबर्डीच्या टेकड्यांवर तुंबळ युद्ध झाले. भोसल्यांचे सैन्य संख्येने कितीतरी मोठे होते. तरीही टेकड्या इंग्रजांच्याच हाती राहिल्या. डिसेंबरात इंग्रजांची कुमक येऊन पोहोचली आणि आप्पासाहेब शरण गेले. पुढे कैदेत असता ते निसटले, रानोमाळ भटकले आणि १८४० साली जोधपूरच्या आश्रयाने वारले.

आता गादी रिकामी होती. रघूजींच्या मुलीचा मुलगा बाजीबा याला परसोजींच्या विधवा पत्नीच्या मांडीवर दत्तक देण्यात आले आणि १८१८ च्या जून महिन्यात तिसरे रघूजी म्हणून तो गादीवर बसला. त्याचे वय दहा वर्षांच्या सुमाराचे होते. मुलाचा सांभाळ आणि वाड्याची व्यवस्था बांकाबाईंकडे आली. राज्याचा खरा कारभार मात्र नागपुरातील इंग्रज रेसिडेंट जेंकिन्स पाहू लागला. रेसिडेंट म्हणजे कंपनीचा दरबारातील प्रतिनिधी. पण येथे प्रतिनिधीच धनी झाला होता. अशा वेळी वाड्यात राहून नातवाला राजाच्या रीतीने वाढवणे हे काही लहान काम नव्हते. बाहेर तलवार गाजवणाऱ्यांची नावे इतिहास लवकर लिहितो, घर सांभाळणाऱ्यांची सावकाश. बांकाबाईंनी बारा वर्षे ते घर सांभाळले. १८३० सालापर्यंत कारभार टप्प्याटप्प्याने रघूजींच्या हाती परत आला.

१८५३ च्या डिसेंबर महिन्याच्या ११ तारखेस तिसरे रघूजी वारले. त्यांना पुत्र नव्हता. आप्तांपैकी यशवंतराव या मुलाने उत्तरक्रिया केली. हिंदू धर्मशास्त्राप्रमाणे व मराठ्यांच्या रिवाजाप्रमाणे विधवेला दत्तक घेता येत असे. बांकाबाई व रघूजींच्या राण्या यांनी यशवंतरावाला जानोजी या नावाने वारस मानले.

गव्हर्नर जनरल लॉर्ड डलहौसी याला हे मान्य नव्हते. १८१८ साली हे राज्य कंपनीने कृपा म्हणून दिले, तेव्हा वारस नसल्यास ते कंपनीकडेच परत यावे, असे त्याचे म्हणणे. त्याच्याच मंडळातील कर्नल लो याने या निर्णयास विरोध केला. तो कोणी मानला नाही. सुमारे ८०,००० चौरस मैलांचा मुलूख, ४० लाखांहून अधिक प्रजा आणि वर्षाचा ४० लाख रुपयांचा वसूल, असे ते राज्य होते. शिवाय कापूस! हिंगणघाटचा कापूस त्या काळी नावाजलेला होता. तो बैलांच्या पाठीवर लादून दूर गंगाकाठी मिर्झापूरला जात असे. इंग्लंडच्या गिरण्यांना कापूस हवा होता आणि डलहौसीने आपल्या टिपणात या लाभाचा उल्लेखही केला आहे. १८५४ च्या मार्चमध्ये नागपूरचे राज्य खालसा झाल्याचा जाहीरनामा निघाला.

राज्य गेले, त्यापाठोपाठ वाड्यावर जप्ती आली. हत्ती, घोडे, बैल सीताबर्डीस नेऊन लिलावात विकले गेले. जवाहीर कलकत्त्याच्या बाजारात गेले. वाड्यातील सामानाला हात लागण्याची वेळ आली, तेव्हा सत्तरी गाठलेल्या बांकाबाई संतप्त झाल्या. सामान हलवाल तर वाड्याला आग लावीन, असे त्यांनी बजावले. त्यांनी कलकत्त्यास अर्ज पाठवले, विलायतेस वकील धाडले. पैसा खर्च झाला, राज्य परत मिळाले नाही. पूर्वी भोसल्यांनी गोंड राजाला नेमणूक बांधून दिली होती. आता भोसल्यांनाच कंपनीची नेमणूक घ्यावी लागली.

तीन वर्षांनी, १८५७ च्या मे महिन्यात मीरत व दिल्ली येथे उठाव झाला. नागपुरातही हालचाल सुरू झाली. कंपनीच्या टाकळी येथील घोडदळाने शहरातील काही मंडळींशी संधान बांधून १३ जूनच्या रात्री उठावाचा बेत केला. पण पायदळाला फितवण्यास गेलेला स्वार पकडला गेला आणि बेत फसला.

त्या दिवसांत साऱ्या नागपूर प्रांताची नजर बांकाबाईंकडे होती. त्यांनी खूण केली असती तर मराठे सरदार, मानकरी व गावोगावचे लोक उठले असते. अन्याय तर त्यांच्यावरच झाला होता. तरीही त्यांनी उठावाची खूण केली नाही. उलट आपल्या आप्तांना व मानकऱ्यांना शांत राहण्याची सक्त ताकीद दिली आणि आपले सारे वजन इंग्रजांच्या बाजूने खर्च केले.

त्यांनी असे का केले? १८१७ चा डिसेंबर त्यांनी पाहिला होता. नागपूरजवळच कामठी येथे इंग्रजांची मोठी छावणी होती. वारस म्हणून मानलेल्या जानोजींचा हक्क अजून अधांतरी लोंबकळत होता. उठाव फसला तर भोसल्यांच्या घराण्याचे नावही उरणार नाही, हे त्यांनी ओळखले असावे. आप्पासाहेबांनी जो डाव लावला, तो त्यांनी लावला नाही. देशासाठी लढलेल्यांच्या पंक्तीत त्यांना बसवता येणार नाही, हे खरे आहे. पण सर्वस्व हिरावले गेल्यावर मागे उरलेल्यांचे रक्षण करणे ज्यांच्या वाट्यास येते, त्यांची गोष्ट निराळ्या मापाने मोजावी लागते.

१८५८ साली बांकाबाई वारल्या. त्यानंतर सरकारने जानोजींचा वारसा मान्य केला. त्यांना राजाबहादूर ही पदवी आणि सातारा भागातील देऊर हे गाव मिळाले. नागपूरचे राज्य मात्र मिळाले नाही. बांकाबाईंनी जो वाडा वाचवण्यासाठी निकराचे बोल काढले, तो १८६४ साली आगीत जळून गेला. त्याचा नगारखाना तेवढा मागे राहिला.

१८६१ साली मध्यप्रांत निर्माण झाला. १८६२ साली नागपूर जिल्ह्यातून वर्धा जिल्हा वेगळा काढण्यात आला. त्याचे पहिले ठाणे पुलगावजवळील कवठा येथे होते. १८६६ साली पालकवाडी या खेड्याच्या जागी नवे शहर वसवून तेथे ते हलवले आणि शहरालाही नदीचेच नाव दिले. पुढच्याच वर्षी आगगाडी नागपुरास पोहोचली. हिंगणघाटच्या कापसाला आता मिर्झापूरची वाट उरली नाही. तो आगगाडीने मुंबईस आणि तेथून जहाजाने विलायतेस जाऊ लागला.