हंगेरीची राजकन्या संत एलिझाबेथ

ज्युबिलीच्या मंगल दिवशी देवमंदिरात उपकारस्तुतीचे सूर घुमतात आणि त्यानंतर अंगणात पंगती बसतात. ह्या दोन्ही गोष्टी योग्यच आहेत. परंतु पानावर बसलेल्या ख्रिस्ती मनुष्याने घास उचलण्यापूर्वी स्वतःस कोणता प्रश्न विचारावा, हे एका तरुण राजस्त्रीच्या चरित्राने आम्हास जसे शिकविले, तसे दुसऱ्या कोणी क्वचितच शिकविले असेल. म्हणून ह्या स्मरणिकेत ते चरित्र आम्ही वाचकांपुढे ठेवीत आहोत.

एलिझाबेथ ही हंगेरीचा राजा दुसरा अँड्र्यू व त्याची राणी गर्ट्रूड ह्यांची कन्या. तिचा जन्म इ. स. १२०७ मध्ये झाला. राजघराण्यांतील सोयरिकी त्या काळी बालपणीच ठरत. त्या रीतीस अनुसरून ही मुलगी चार वर्षांची असतानाच जर्मनीतील थुरिंगिया संस्थानात, भावी सासरी वाढण्यासाठी, पाठविण्यात आली. पुढे दोनच वर्षांनी तिकडे हंगेरीत सरदारांनी तिच्या मातेचा वध केला. इ. स. १२२१ मध्ये, वयाच्या चौदाव्या वर्षी, थुरिंगियाचा अधिपती चौथा लुडविग ह्याच्याशी तिचा विवाह झाला. राजकारणासाठी जुळविलेली ही गाठ; तथापि पतिपत्नींचे एकमेकांवर निस्सीम प्रेम जडले. त्यांस हर्मान, सोफी व गर्ट्रूड अशी तीन अपत्ये झाली.

आता त्या काळची समाजस्थिती थोडीशी ध्यानी घेतली पाहिजे. शेतकरी बहुधा आपल्या जमिनीचा धनी नसे. सरदाराची जमीन कसावी, पिकाचा हिस्सा, कोंबड्या, अंडी त्याच्या वाड्यावर पोचवावी, आणि वर वेठही करावी, असा क्रम असे. कारभाऱ्यांनी ठरल्याहून अधिक उकळले, तर गरिबाने दाद कोणाकडे मागावी? वार्टबुर्ग किल्ल्यावरील मेजवान्यांत हक्काचे धान्य व जुलमाचे धान्य एकाच ताटात येई, आणि खाणाऱ्यास त्याची वार्ताही नसे.

इ. स. १२२६ च्या सुमारास एलिझाबेथने मारबुर्गचे कॉनराड ह्या धर्मगुरूंस आपले आध्यात्मिक मार्गदर्शक केले. जे अन्न न्यायाने मिळविले आहे अशी खात्री नाही, ते तिने सेवन करू नये, अशी त्यांनी आज्ञा केली. ती आज्ञा तिने अक्षरशः पाळली. भोजनास बसताच ती कारभाऱ्यांस विचारी, की हा पदार्थ धन्याच्या स्वतःच्या उत्पन्नाचा, की रयतेपासून जबरीने घेतलेला? उत्तर समाधानकारक न आल्यास पतीच्या शेजारी बसून, खाण्याचे निमित्त करीत, ती उपाशी उठे. तिच्या काही दासींनीही हे व्रत धरले. लुडविगने तिला अडविले नाही; उलट, घरच्या मंडळींच्या बोलण्याचे भय नसते तर आपणही असेच केले असते, अशी कबुली त्याने दिली. सज्जन मनुष्यासही लोकलज्जा किती बांधून ठेवते, ह्याचे हे बोलके उदाहरण आहे.

त्याच वर्षी भयंकर दुष्काळ पडला. लुडविग बादशहाच्या कामी इटलीत गेला होता. एलिझाबेथने संस्थानची धान्यकोठारे उघडली, किल्ल्याच्या पायथ्याशी इस्पितळ घातले, आणि रोग्यांची सेवा स्वहस्ते केली. नवे पीक तयार झाले तेव्हा धडधाकट माणसांस तिने सदरे, जोडे व विळे दिले, म्हणजे ती कापणीस जाऊन आपल्या श्रमाची भाकर खातील. तिच्या दयेस अशी दूरदृष्टीची जोड होती. लुडविग परतल्यावर कारभाऱ्यांनी तिच्यावर उधळेपणाचा आरोप केला. त्याने तो कानाआड केला.

तिच्या ओट्यातील भाकरींची फुले झाल्याची कथा आपणांपैकी पुष्कळांनी ऐकली असेल. इ. स. १२३५ मध्ये तिच्या दासींनी ज्या साक्षी दिल्या, त्यांत ही कथा नाही. ती मागाहून रूढ झाली. तिच्या प्रचलित रूपात पती संशयी व रागीट दिसतो, आणि त्यामुळे बिचाऱ्या लुडविगवर अन्याय होतो. खऱ्या हकिकतीत भाकरीची भाकरीच राहिली, व ती भुकेल्याच्या मुखी पडली. आम्हास हेच अधिक सुंदर वाटते.

इ. स. १२२७ च्या सप्टेंबरात, धर्मयुद्धास निघालेला लुडविग इटलीतील ओत्रांतो बंदरी तापाने वारला. एलिझाबेथ तेव्हा वीस वर्षांची होती, आणि त्याच महिन्यात तिची धाकटी कन्या जन्मास आली. त्या हिवाळ्यात तिने किल्ला सोडला. दिराने तिला घालवून दिले, की अन्यायाच्या अन्नावर जगणे नको म्हणून ती आपण होऊन बाहेर पडली, ह्याविषयी इतिहासकारांत मतभेद आहे. आयझेनाख गावी तिची पहिली रात्र एका खानावळीच्या आवारात, जेथे डुकरे ठेवीत अशा खोपटात गेली. मध्यरात्री ती फ्रान्सिस्कन बंधूंच्या मंदिरात गेली व आपल्या ह्या संकटाबद्दल देवाची उपकारस्तुती गाण्याची तिने त्यांस विनंती केली.

आप्तांनी पुनर्विवाहाचा आग्रह केला. तिने तो मानिला नाही. पुढे तडजोडीत तिला दोन हजार मार्क रक्कम मिळाली. त्यांपैकी पाचशे मार्क तिने एकाच दिवशी गरिबांस वाटले. इ. स. १२२८ मध्ये तिने मारबुर्ग येथे संत फ्रान्सिसच्या नावे इस्पितळ उभारले. करड्या रंगाचे जाडेभरडे वस्त्र नेसून ती तेथे रोग्यांस न्हाऊ घाली, आणि स्वतःच्या चरितार्थासाठी मजुरीने लोकर कातीत असे. येथे एक गोष्ट आम्ही लपवू इच्छीत नाही. कॉनराड ह्यांनी तिला अतिशय कठोरपणे वागविले. तिच्या बालपणापासूनच्या सख्या दूर केल्या, आणि तिच्यावर हातही उगारला. धर्मगुरूच्या अधिकाराचा तो दुरुपयोगच होय. तिची साधुता त्या कठोरपणामुळे नव्हे, तर तो असतानाही फुलली.

इ. स. १२३१ च्या १७ नोव्हेंबरच्या पहाटेपूर्वी, अवघ्या चोविसाव्या वर्षी, तिने देह ठेविला. पोप नववे ग्रेगरी ह्यांनी इ. स. १२३५ मध्ये पेन्टेकॉस्टच्या सणी तिला संतपद दिले. त्याच वर्षी तिच्या समाधीवर जे भव्य मंदिर बांधण्यास आरंभ झाला, ते मारबुर्ग येथे आजही उभे आहे.

धर्मबंधूंनो व भगिनींनो, दानपेटीत आपण काय टाकतो, हे आपण नेहमी पाहतो. एलिझाबेथ त्याच्या आधीचे पाहावयास सांगते: हे आपल्या हाती आले कोठून? ज्याची मजुरी अडकवून ठेविली, ज्या भावाचा वाटा दाबला, ज्याच्या अडचणीचा फायदा घेतला, त्याच्या नावाचा घास आपल्या ताटात तर नाही ना? असल्यास, तो परत करणे हे दान नव्हे. ते देणे आहे. ते आधी फेडावे, मग दानाचा हात पुढे करावा. ज्युबिली म्हणजे मूळ अर्थी ज्याचे त्यास परत करण्याचे वर्ष, हे जुन्या करारात आपण वाचतोच. संत एलिझाबेथच्या मध्यस्थीने आपल्या सर्वांच्या घरची भाकर निर्मळ राहो, हीच प्रभुचरणी आमची प्रार्थना.