पहिले देशी महागुरू : बिशप मातेउस द कास्त्रो

मुंबई असो, वसई असो की नागपूर. धर्मप्रांताला नवे बिशप लाभतात तेव्हा आपल्याच मातीत वाढलेला एक धर्मगुरू वेदीसमोर दंडवत घालतो आणि महागुरू होऊन उठतो. या दृश्याचे आज कोणालाही नवल वाटत नाही. परंतु साडेतीनशेहून अधिक वर्षांपूर्वी हीच गोष्ट अशक्य मानली जात होती. ती ज्यांच्या आयुष्यात प्रथम घडली, ते लॅटिन विधीचे पहिले भारतीय बिशप म्हणजे गोव्याचे मातेउस द कास्त्रो.

मांडवी नदीच्या पात्रातील दिवाडी बेटावर, १५९४ च्या सुमारास, ख्रिस्ती झालेल्या एका ब्राह्मण घराण्यात त्यांचा जन्म झाला. बारदेशातील रेइश मागूश येथील फ्रान्सिस्कन विद्यालयात त्यांचे शिक्षण झाले. मुलगा बुद्धिमान होता व धर्मगुरू होण्याची त्याला तळमळ होती. पण गोव्याच्या तत्कालीन आर्चबिशपांनी त्याला गुरुदीक्षा देण्यास नकार दिला. त्या काळी गोव्यात देशी धर्मगुरू मुळीच नव्हते असे नाही. मात्र त्यांच्या वाट्याला दुय्यम कामेच येत. धर्मसंघांची दारे त्यांना बंद होती आणि अधिकाराची पदे युरोपीय धर्मगुरूंकडेच राहत.

यामागे धर्मकारण होते तसेच राजकारणही होते. पोपमहोदयांनी पोर्तुगालच्या राजाला पूर्वेकडील ख्रिस्तसभेचे आश्रयदातेपद बहाल केले होते. त्यालाच पाद्रोआदो म्हणतात. मिशनकार्याचा खर्च राजाने करायचा आणि बिशपांची नावेही त्यानेच सुचवायची, अशी ती व्यवस्था होती. साहजिकच राजाची सत्ता आणि ख्रिस्तसभेची सत्ता एकमेकींत गुंतून गेल्या होत्या. देशी माणसाच्या हाती बिशपाचा दंड जाणे हे राज्यकर्त्यांना मानवणारे नव्हते.

निराश होऊन घरी बसणे मातेउस यांच्या स्वभावात नव्हते. त्यांनी गोवा सोडला आणि खुष्कीच्या खडतर मार्गाने प्रवास करीत १६२५ साली रोम गाठले. ती वेळ अनुकूल होती. तीनच वर्षांपूर्वी, १६२२ मध्ये, पंधरावे ग्रेगरी यांनी धर्मप्रसाराचे कार्य राजांच्या हातून सोडवून पोपपीठाच्या देखरेखीखाली आणण्यासाठी प्रोपागांदा फिदे हे मंडळ स्थापन केले होते. त्याचे पहिले सचिव फ्रान्चेस्को इंगोली हे देशी धर्मगुरूंचे खंदे पुरस्कर्ते होते. दिवाडीच्या या तरुणात त्यांना आपल्या विचारांचे मूर्त रूप दिसले. मातेउस यांनी रोममध्ये तत्त्वज्ञान व ईशज्ञान यांचे अध्ययन पूर्ण केले आणि मायदेशी नाकारलेली गुरुदीक्षा त्यांना तेथे मिळाली.

१६३३ साली पोपपीठाचे अधिकारपत्र घेऊन ते गोव्यात परतले. तथापि तेथील अधिकाऱ्यांनी ते मान्य केले नाही. तीन वर्षांच्या आत त्यांना पुन्हा रोमची वाट धरावी लागली. यावेळी रोमने धाडसी पाऊल उचलले. १६३७ साली आठवे अर्बन यांच्या कारकीर्दीत, गाजावाजा न करता, मातेउस यांना बिशपपदाची दीक्षा देण्यात आली. पाद्रोआदोच्या हक्काला थेट धक्का लागू नये म्हणून त्यांना क्रिसोपोलिस या नाममात्र धर्मप्रांताचा किताब देण्यात आला आणि आदिलशाही मुलखाचे व्हिकर अपॉस्टलिक, म्हणजे पोपमहोदयांच्या वतीने कारभार पाहणारे बिशप, म्हणून त्यांची नेमणूक झाली.

गोव्याच्या सीमेला लागून असलेली डिचोली तेव्हा विजापूरच्या अंमलाखाली होती. तेथे बिशप कास्त्रो यांनी आपले ठाणे केले, चर्च बांधले आणि देशी तरुणांना गुरुदीक्षा देण्यास आरंभ केला. नदीपलीकडे मात्र त्यांच्याविरुद्ध वादळ उठले. इथिओपियाचे पदच्युत पॅट्रिआर्क अफोन्सो मेंदिस हे येशूसंघीय त्या वेळी गोव्यात होते. ते त्यांचे कडवे टीकाकार ठरले. विरोधकांनी त्यांच्या वर्णाचीही कुचेष्टा केली. पुढे रोमने त्यांच्यावर इथिओपियाची जबाबदारी टाकली, पण कॅथलिकांना बंद झालेल्या त्या देशात त्यांना कार्य करता आले नाही.

सतत झालेल्या अवहेलनेने त्यांचे मन कडवट झाले, हे मान्य करावे लागते. १६४९ मध्ये इंगोली निवर्तले आणि रोममधील त्यांचा मोठा आधार गेला. १६५३ साली त्यांनी गोव्यातील ब्राह्मण ख्रिस्ती लोकांना उद्देशून एक जळजळीत पत्रक लिहिले. ‘ब्राह्मणांचा आरसा’ या अर्थाच्या लॅटिन नावाने ते ओळखले जाते. पुढच्याच वर्षी विजापूरच्या फौजेने पोर्तुगीज मुलखावर चढाई केली, तेव्हा तिला फूस लावल्याचा आरोप त्यांच्यावर आला. १६५८ च्या सुमारास त्यांना रोमला बोलावून घेण्यात आले. मायभूमी त्यांना पुन्हा दिसली नाही. १६७७ साली रोममध्येच त्यांनी देह ठेवला.

त्यांच्या चरित्रात आणखी एक दुखरी जागा आहे. वर्णभेदाविरुद्ध ज्यांनी आयुष्य वेचले, त्यांना स्वतःच्या जातीचा अभिमान सोडता आला नाही. त्यांचा जिव्हाळा आणि त्यांची दीक्षा प्रामुख्याने ब्राह्मण ख्रिस्ती समाजापुरती राहिली. गोऱ्यांच्या उच्चपणाचा दंभ त्यांना स्पष्ट दिसला. आपल्या उंबरठ्याआतला दंभ दिसला नाही. आपल्या ख्रिस्तसभेतून जातीची जाणीव अजून पुरती गेलेली नाही, म्हणून हा दोष त्यांच्या पदरी टाकताना आपणही अंतर्मुख व्हायला हवे.

मग त्यांचे जीवन विफल झाले काय? त्यांच्याच नात्यातील दोघे त्यांच्यामागून बिशप झाले. कुस्तोदियो द पिन्यो यांनी विजापूरचा कारभार सांभाळला, तर तोमास द कास्त्रो यांनी कानडा व मलबारकडे कार्य केले. गोव्यात देशी धर्मगुरूंचा ओरेटरी हा संघ उभा राहिला. त्याच संघाचे पाद्रे जुझे व्हाझ यांनी श्रीलंकेतील छळ झालेल्या ख्रिस्तसभेला जीवदान दिले आणि २०१५ साली ते संतपदी विराजमान झाले. १६३७ मध्ये कास्त्रो यांच्यासाठी निर्माण झालेल्या व्हिकारिएटचेच कार्यक्षेत्र पुढे विस्तारले व १७२० पासून मुंबई हे त्याचे केंद्र बनले. त्या मुंबईचे आर्चबिशप व्हॅलेरियन ग्रेशस १९५३ साली पहिले भारतीय कार्डिनल झाले.

ज्या झाडाची फळे आज आपण खात आहोत, त्याचे बीज डिचोलीच्या मातीत एका दुखावलेल्या, हट्टी आणि अपूर्ण माणसाने पेरले. परमेश्वर निर्दोष माणसांची वाट पाहत थांबत नाही. हाती लागेल त्या पात्रातून तो आपले कार्य करून घेतो. बिशप कास्त्रो यांचे स्मरण कृतज्ञतेने करावे, आणि जे दार त्यांनी आपल्यासाठी उघडले ते आपल्या हातून दुसऱ्या कोणावर बंद होत नाही ना, हे डोळ्यांत तेल घालून पाहावे.