औषध कमी पडलं, याचाही कोड असतो. त्यामागचा प्रश्न विल्यम फार यांनी १८३९ मध्येच मांडला होता

समजा, डॉक्टरांनी एका पेशंटला रक्त पातळ ठेवणारी गोळी रोज घ्यायला सांगितली. गोळी परवडत नाही म्हणून पेशंटने ती एक दिवसाआड घेतली. पुढे मेंदूत रक्ताची गुठळी अडकली आणि लकवा मारला. जीव वाचला, पण उजवा हात अधू झाला. वर्षभराने हाच पेशंट हाताच्या त्रासासाठी अमेरिकेतल्या एखाद्या हॉस्पिटलमध्ये गेला, तर त्याच्या फाईलवर काय लिहिलं जातं?

आधी अधू हाताचा, म्हणजे लकव्यामुळे मागे राहिलेल्या त्रासाचा कोड लागतो. त्यानंतर टी४५.५१६एस हा कोड येतो. यातला ६ सांगतो की औषध ठरल्यापेक्षा कमी घेतलं गेलं. शेवटचा एस सांगतो की आताचा त्रास हा त्या जुन्या कमतरतेचा उरलेला परिणाम आहे. शिवाय झेड९१.१२० हा तिसरा कोड लागतो. त्याचा अर्थ, पैशांच्या अडचणीमुळे पेशंटने मुद्दाम कमी औषध घेतलं.

पुणे, मुंबई, हैदराबाद, चेन्नईत मेडिकल कोडिंग करणारे हजारो तरुण अमेरिकेतल्या हॉस्पिटलांच्या फाईलींवर असेच कोड टाकत असतात. हे कोड ज्या यादीतून येतात, ती म्हणजे आजारांचं आंतरराष्ट्रीय वर्गीकरण, अर्थात आयसीडी. आणि या यादीचा पाया घालणाऱ्यांमध्ये विल्यम फार यांचं नाव अगदी वरचं आहे.

शेतमजुराचा मुलगा, आकड्यांचा माणूस

फार यांचा जन्म ३० नोव्हेंबर १८०७ चा, इंग्लंडमधल्या श्रॉपशायर परगण्यातला. वडील शेतमजूर. घरची परिस्थिती इतकी बेताची की गावाजवळच्या जोसेफ प्राईस नावाच्या जमीनदाराने मुलाच्या शिक्षणाची जबाबदारी घेतली. १८२८ मध्ये प्राईस वारले, तेव्हा त्यांनी फार यांच्यासाठी ५०० पौंड ठेवले होते. त्या पैशांवर फार पॅरिसला गेले. तिथे पिएर लुई हे डॉक्टर पेशंटच्या नोंदी मोजून उपचारांचा खरेखोटेपणा तपासत. आजार समजून घ्यायचा तर मोजायला हवं, हे फार तिथे शिकले.

परत आल्यावर त्यांनी लंडनमध्ये दवाखाना थाटला, पण तो काही चालला नाही. १८३३ मध्ये लग्न झालं आणि १८३७ मध्ये पत्नी क्षयाने गेली. त्याच वर्षी १ जुलैपासून इंग्लंड आणि वेल्समध्ये जन्म-मृत्यूची सरकारी नोंदणी सुरू झाली. देशभरातून मृत्यूच्या नोंदींचे गठ्ठे लंडनच्या नोंदणी कार्यालयात येऊ लागले. त्यांचा अर्थ लावायला माणूस हवा होता आणि ते काम फार यांच्याकडे आलं. पुढची चाळीसेक वर्षं ते तिथेच होते.

एकाच आजाराला तीन-चार नावं

पहिली अडचण नावांची होती. एकाच आजाराला वेगवेगळे डॉक्टर वेगवेगळी नावं देत. कधी एकच नाव चार आजारांना चिकटलेलं असे. काही नोंदींत आजाराऐवजी नुसतं लक्षण लिहिलेलं असे. अशा नोंदींची बेरीज करून काहीच कळणार नव्हतं. भौतिक शास्त्रांना जशी ठरलेली वजनं-मापं लागतात, तशी आजारांना ठरलेली नावं लागतात, हे फार यांनी पहिल्याच अहवालात मांडलं आणि मृत्यूच्या कारणांची स्वतःची यादी तयार केली.

त्या यादीत एक कारण होतं उपासमार. इथेच ठिणगी पडली.

६३ मृत्यू आणि एक भांडण

१८३९ च्या पहिल्या अहवालात फार यांनी ६३ मृत्यू उपासमारीच्या खात्यात दाखवले. एकूण मृत्यूंच्या मानाने हा आकडा किरकोळ होता. पण गरिबांना मदत देण्याचा नवा, कडक कायदा १८३४ मध्ये आला होता आणि तो राबवणाऱ्या आयोगाचे सचिव होते एडविन चॅडविक. इंग्लंडमध्ये माणसं भुकेने मरतात असं सरकारच्याच अहवालात छापून येणं, म्हणजे थेट त्यांच्या कायद्यावर बोट.

चॅडविक यांनी एकेक नोंद तपासायला घेतली. कुणी दारूमुळे गेलं होतं, काही तान्ह्या बाळांना आईचं दूध मिळालं नव्हतं, मग याला उपासमार कसं म्हणायचं, असा त्यांचा मुद्दा होता.

फार मागे हटले नाहीत. त्यांचं म्हणणं असं की, ६३ हा आकडा जास्त नाही, उलट कमी आहे. कारण भूक बहुतेक वेळा सरळ मारत नाही. ती आधी शरीर पोखरते, मग ताप किंवा दुसरा एखादा आजार येतो आणि दाखल्यावर त्या आजाराचंच नाव लागतं. जे मिळालं नाही, ते नोंदीत दिसतच नाही.

प्रश्न तेव्हाही हाच होता. एखादी गोष्ट न मिळाल्यामुळे झालेलं नुकसान कारण म्हणून लिहायचं की नाही? आणि लिहिलं, तर जबाबदारी कुणावर जाते?

चूक मान्य करणारे आकडे

फार प्रत्येक वेळी बरोबर होते असं नाही. १८४८-४९ च्या कॉलऱ्याच्या साथीनंतर त्यांनी आकडे मांडून दाखवलं की, लंडनच्या सखल भागांत मृत्यू जास्त आणि उंच भागांत कमी. त्यावरून नदीकाठच्या दूषित हवेतून कॉलरा पसरतो, असा निष्कर्ष त्यांनी काढला. तो चुकीचा होता. जॉन स्नो कॉलऱ्याचं कारण पाण्यात आहे असं सांगत होते आणि त्यांनी वापरलेल्या मृत्यूंच्या नोंदी फार यांच्याच कार्यालयाच्या होत्या. १८६६ मध्ये पूर्व लंडनमध्ये पुन्हा साथ आली, तेव्हा फार यांनी स्वतः मृत्यूंचे पत्ते आणि पाणीपुरवठा ताडून एका पाणी कंपनीकडे बोट दाखवलं.

फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांनी सैनिकांच्या मृत्यूंचे आकडे मांडले, तेही फार यांच्या मदतीने. भारतातल्या ब्रिटिश सैन्याच्या आरोग्याची चौकशी करणाऱ्या शाही आयोगावरही ते होते. १८६३ च्या त्या अहवालातून दिसलं की, इथल्या सैनिकांचा मोठा शत्रू लढाई नसून आजार होते.

यादी जगाची झाली

१८५३ मध्ये ब्रसेल्सच्या आंतरराष्ट्रीय सांख्यिकी परिषदेने फार आणि जिनिव्हाचे मार्क देस्पिन यांना सगळ्या देशांना चालेल अशी यादी करायला सांगितलं. दोघांनी दोन वेगळ्या याद्या आणल्या आणि परिषदेने १८५५ मध्ये मधला मार्ग काढून १३९ कारणांची यादी स्वीकारली. १८९३ मध्ये फ्रान्सच्या जाक बर्तियाँ यांनी नवी यादी मांडली. तिच्यात फार यांच्या रचनेची तत्त्वं होती. १९४८ मध्ये हे काम जागतिक आरोग्य संघटनेकडे गेलं.

फार यांना मात्र कार्यालयाचं सर्वोच्च पद मिळालं नाही. वरिष्ठ निवृत्त झाल्यावर दुसऱ्याच माणसाची नेमणूक झाली आणि फार यांनी नोकरी सोडली. १४ एप्रिल १८८३ रोजी ते वारले.

मग आजचा कोड काय सांगतो?

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झालेल्या आवृत्तीत कमी औषधासाठी वेगळा अंक आला. त्याआधीच्या तिथल्या यादीत चुकीच्या औषधाला आणि औषधाच्या दुष्परिणामाला जागा होती, कमी पडलेल्या औषधाला अशी स्वतंत्र जागा नव्हती. आजही हा कोड पहिल्या क्रमांकावर लावता येत नाही, आधी आजार लिहावा लागतो. पण त्यामागे तो लागला की फाईल वाचणाऱ्याला कळतं की आधी काहीतरी कमी पडलं होतं. आणि ते विसरल्यामुळे कमी पडलं की पैसे नव्हते म्हणून, हे सांगायलाही वेगवेगळे कोड आहेत.

तो कोड लावायचा राहिला, तर फाईलवर उरतो फक्त लकवा. १८३९ मध्ये दाखल्यावर फक्त ताप उरायचा, तसाच.