अरान बेटांचे चित्रपटकार रॉबर्ट फ्लाहर्टी

अनुबोधपटांच्या जनकांत ज्यांचे नाव अग्रभागी घेतले जाते, त्या रॉबर्ट फ्लाहर्टी ह्यांचा जन्म १६ फेब्रुवारी १८८४ रोजी अमेरिकेतील मिशिगन राज्यात झाला. वडील खाणींच्या व्यवसायात असल्यामुळे मुलाचे शिक्षण शाळेपेक्षा अरण्यातच अधिक झाले. पुढे हडसन उपसागराच्या परिसरात खनिजांचा शोध घेत असता १९१३ साली त्यांनी बरोबर कॅमेरा नेला. तेथे घेतलेली सुमारे ३० हजार फूट फिल्म १९१६ साली टोरांटो येथे त्यांच्याच सिगारेटने पेटून भस्मसात झाली. दुसरा कोणी हाय खाऊन बसला असता! फ्लाहर्टी पुन्हा हिमप्रदेशात गेले आणि १९२२ साली ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा इन्युइट लोकांच्या जीवनावरील चित्रपट जगापुढे आला.

परंतु भूमी आणि माणूस ह्यांचे नाते त्यांनी ‘मॅन ऑफ अरान’ मध्ये जसे दाखविले, तसे क्वचितच कोणी दाखविले असेल. आयर्लंडच्या पश्चिमेस अरानची तीन बेटे आहेत. सारा उघडा चुनखडीचा खडक! भेगांतली मूठमूठ माती, वाळू आणि पाठीवरून वाहून आणलेले समुद्रशैवाल पसरून तेथील लोक बटाट्याचे वाफे करीत. कड्यांवर फुटणाऱ्या लाटा आणि त्यांतून वाट काढणाऱ्या हलक्या होड्या पाहून प्रेक्षक थक्क झाले. १९३४ साली व्हेनिसच्या महोत्सवात ह्या चित्रपटाचा गौरव झाला.

आता सत्य तेही सांगितले पाहिजे. चित्रपटातील आई, बाप व मुलगा हे खरे कुटुंब नव्हते. ती निवडून एकत्र आणलेली माणसे होती. शार्क माशाची भाल्याने शिकार तर पिढ्यान्‌पिढ्या बंद पडलेली. ती बेटकऱ्यांना नव्याने शिकवावी लागली. कीर्तनकार आख्यानात रंग भरतो, हे श्रोता जाणून असतो. येथे प्रेक्षक मात्र ती आजची रीत समजून घरी गेला. माझ्या मते हा दोष लहान नव्हे. जुन्या चालीरीतींची आठवण राखताना ‘ही पूर्वी होती’ एवढे शब्द गाळू नयेत. तथापि त्या खडकावरची शेती खरी होती, समुद्र खरा होता, आणि चित्रणासाठी खवळलेल्या पाण्यात होडी घालणाऱ्यांचे धाडसही खरेच होते.

पुढे ते आपल्या म्हैसूरलाही आले. तेथे माहुताचा मुलगा साबू ह्याला घेऊन केलेला ‘एलिफंट बॉय’ १९३७ साली प्रदर्शित झाला. त्याच्या दिग्दर्शनात झोल्टान कोर्डा हे भागीदार होते. २३ जुलै १९५१ रोजी अमेरिकेतील व्हरमाँट राज्यात फ्लाहर्टींचे देहावसान झाले.